जादूचं हवामान

रोशर नावाच्या जगात पाऊल वाजलं की गवत खडकातल्या भोकांत शिरतं आणि माणूस पुढे गेला की पुन्हा वर येतं. झाडं फांद्या मिटून घेतात. खडकाला चिकटलेल्या गोटेवजा वनस्पती कवच लावून बसतात, पाऊस ओसरला की उघडतात आणि वेली बाहेर सोडून साचलेलं पाणी पितात. प्राण्यांमध्ये मऊ अंगाचे थोडेच. बहुतेकांना खेकड्यासारखी टणक पाठ आहे. या सगळ्याचं कारण एकच. दर काही दिवसांनी पूर्वेच्या समुद्रावरून एक महावादळ निघतं आणि अख्खा खंड तुडवत पश्चिमेला जातं. त्याच्या पहिल्या तडाख्यात मोठमोठ्या शिळा उडतात, आणि त्याच्या पोटात जादूची ऊर्जा असते.

ब्रँडन सँडरसन या अमेरिकन लेखकाने हे जग २०१० साली आलेल्या ‘द वे ऑफ किंग्ज’ या कादंबरीत उभं केलं. जादू हा निसर्गाचाच एक व्यवहार म्हणून रंगवायची जी रीत गेल्या साठेक वर्षांत फँटसी साहित्यात वाढली, तिचं हे सर्वांत तपशीलवार उदाहरण. मंत्र, शाप, वरदान आणि चेटूक गोष्टींमध्ये पहिल्यापासून आहेत. पण तिथे जादू कुणाची तरी असते: ऋषीची, चेटकिणीची, अंगठीची, दिव्यातल्या राक्षसाची. या नव्या रीतीत ती मुळात कुणाचीच नसते. ती बरसते, साचते, झिरपते, आटते. माणसं तिच्याशी जुळवून घेतात, तिची साठवण करतात, ती विकतात, लुटतात आणि कधीकधी संपवूनही टाकतात.

अशी जादू खरी कधी वाटते? ज्यांना जादू येत नाही त्यांच्या घरादारावर, पिकांवर आणि बाजारावर तिचा ठसा दिसतो तेव्हा, असं माझं मत आहे. जादूगाराच्या तळहातावरची ज्योत कितीही झगझगीत असली तरी तेवढ्याने जग उभं राहत नाही. त्या ज्योतीचं तेल कुठून आलं आणि ते कुणाच्या वाट्याचं होतं, हे लेखकाला सांगता आलं पाहिजे. या कसोटीवर काही नावाजलेली जगं टिकतात आणि काही फार लवकर पोकळ वाटू लागतात.

आपल्याकडे या हिशेबाची कल्पना जुनीच आहे, फक्त तो व्यक्तीच्या खात्यावर मांडलेला असतो. विश्वामित्राने वर्षानुवर्षं तप साठवायचं, त्रिशंकूसाठी वेगळा स्वर्ग उभारताना ते खर्ची घालायचं, मेनका आली की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करायची; बालकांडात हा जमाखर्च अगदी उघड दिसतो. समुद्रमंथनाची गोष्ट मात्र वेगळ्या जातीची. तिथे शक्ती सागरात आहे, ती उपसायला पर्वताची रवी आणि सर्पाची दोरी लागते, आणि अमृताच्या आधी हलाहल वर येतं. उपसणारे बरेच असतात. जे वर आलं ते पचवायला मात्र एकच कंठ पुढे होतो. पुढे येणाऱ्या पुस्तकांपैकी निम्मी तरी या एका पेचाभोवती फिरतात.

आधुनिक काळातली सुरुवात मी उर्सुला के. ल ग्विन यांच्यापासून धरतो. टॉल्किन यांच्या जगातही जादू ओसरत चाललेली आहे, एल्फ लोक पश्चिमेला निघून जात आहेत. पण ते ओसरणं एका युगाचा निरोप म्हणून येतं, त्यामागची यंत्रणा टॉल्किन उकलून दाखवत नाहीत. ल ग्विन यांची ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ १९६८ मध्ये आली. अर्थसी हा बेटांचा समूह. तिथली माणसं मासेमारी करतात, शेळ्या राखतात, धातू घडवतात, होड्या वल्हवतात. गेड हा गाँट नावाच्या डोंगराळ बेटावरच्या एका कांस्यकाराचा मुलगा. परके लुटारू गावावर चालून येतात तेव्हा हा बारा वर्षांचा पोर दरीत तरंगणारं धुकं गोळा करतो, गाव त्यात झाकून टाकतो, आणि हल्लेखोर वाटा चुकून कड्यांवर भरकटतात. धुकं त्याने शून्यातून आणलेलं नसतं. ते पहाटेच्या दरीत होतंच. त्याने फक्त त्याला बोलावलं. त्यानंतर मात्र पोराची वाचा जाते. तो खात नाही, झोपत नाही, कुणाला ओळखल्यासारखं बघत नाही. अंगात होतं त्याहून जास्त त्याने खर्च केलेलं असतं.

त्याला बरा करायला येणारा ओगियन हा मला या सगळ्या साहित्यातला सर्वांत पटलेला जादूगार. भूकंप शांत करणारा म्हणून त्याची ख्याती आहे. तरी रानातून जाताना पाऊस आला तर तो हटवत नाही. झाडाखाली जाऊन भिजत पडून राहतो. इतर जादूगार ढग एकमेकांच्या अंगावर ढकलत असतात, तेव्हा हा पाऊस पडेल तिथे पडू देतो. शिष्य गेड चिडतो, एवढी शक्ती असून उपयोग काय, असं त्याला वाटतं. पुढे रोक बेटावरच्या शाळेत त्याला कारण कळतं. एका बेटावर पाडलेला पाऊस दुसऱ्या बेटावरचा दुष्काळ असू शकतो. खड्याचा नुसता हिरा भासवला तर जगाचं काही बिघडत नाही. खरोखर हिरा केला तर जगाचा तोल हलतो. ल ग्विन यांना ताओ विचाराची आयुष्यभर ओढ होती, ‘ताओ ते चिंग’ची त्यांनी स्वतः केलेली इंग्रजी आवृत्ती १९९७ मध्ये आली. तोलाची ही जाण त्यांच्या कथेत उपदेश म्हणून येत नाही, पोराच्या भिजलेल्या कपड्यांतून येते.

१९७२ च्या ‘द फार्देस्ट शोअर’मध्ये तोल खरोखर ढळतो. एका माणसाने मरण चुकवण्यासाठी जिवंतांच्या आणि मेलेल्यांच्या जगामध्ये भोक पाडलं आहे आणि त्यातून जगातली जादू गळते आहे. ल ग्विन ही गळती राजवाड्यात दाखवत नाहीत, बाजारात दाखवतात. लोर्बानेरी हे रेशमाचं बेट. तिथल्या रंगाऱ्यांना आता रंग साधत नाहीत. गाणाऱ्यांना पुढची ओळ आठवत नाही. एकेकाळचे मंत्रकार नशेत बुडालेले आहेत. जिथे तिथे माल हिणकस झाला आहे आणि कुणालाच त्याचं विशेष वाटत नाही. निसर्गातली एखादी शक्ती आटली तर आधी काय होईल याचा इतका नेमका विचार त्यापूर्वी फँटसीत क्वचितच झाला असेल.

अर्थसीनंतर वर्षभरातच लॅरी निव्हन यांनी हाच प्रश्न इंजिनिअरच्या डोक्याने सोडवला. त्यांची ‘नॉट लाँग बिफोर द एंड’ ही कथा १९६९ ची. एका वृद्ध जादूगाराच्या लक्षात येतं की एकाच जागी फार काळ राहिलं की आपले मंत्र दुबळे होतात आणि जागा बदलली की पुन्हा चालतात. मग तो प्रयोग करतो. धातूची एक चकती घेतो आणि तिच्यावर दोन मंत्र घालतो: एक तिला अधिकाधिक वेगाने फिरवत राहणारा, दुसरा ती फुटू न देणारा. चकती फिरते, तापते, लखलखते, आणि एका क्षणी दोन्ही मंत्र एकदम संपतात. त्या परिसरातली सगळी जादू तिने खाऊन टाकलेली असते. जादू हे जमिनीतलं साठ्याचं द्रव्य आहे आणि ते परत भरत नाही, हा निष्कर्ष त्या जादूगाराला हादरवून टाकतो.

प्रयोगाची रचना अतिशय देखणी आहे. तिला उपकरण लागत नाही, सिद्धान्त लागत नाही. एक चकती आणि एक शंका पुरते. १९७३ च्या तेलटंचाईनंतर हीच कल्पना वेगळ्या उजेडात वाचली जाऊ लागली. १९७८ च्या ‘द मॅजिक गोज अवे’ या पुस्तकात उरलेसुरले जादूगार चंद्र खाली ओढून त्यावरची न वापरलेली जादू मिळवायचा घाट घालतात. साठा संपत आला की माणसं वापर कमी करत नाहीत, आणखी लांबचा आणि आणखी धोक्याचा साठा शोधतात, हे निव्हन यांनी अचूक हेरलं. त्यांच्या कथेत उणीव आहे ती माणसांची. जादू आटल्यावर शेतकऱ्याचं काय झालं, त्यांना विचारावंसं वाटत नाही. एकशिंगी घोडे नाहीसे झाले एवढ्यावर ते थांबतात.

ती उणीव खेळांनी भरून काढली, याचं मला अजूनही नवल वाटतं. १९९१ साली ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ या बैठ्या खेळासाठी ‘डार्क सन’ नावाचं जग आलं. अथास हे ते वाळवंटी जग. तिथे मंत्र म्हणायचा तर आसपासच्या झाडाझुडपांतला जीव ओढून घ्यावा लागतो. जो सावकाश आणि बेताने घेतो त्याच्याभोवती हिरवळ टिकते. ज्याला घाई आहे त्याच्या पायाखालची माती राख होते आणि तिथे पुन्हा काही उगवत नाही. हे जग मुळात वाळवंट नव्हतंच. पिढ्यान्‌पिढ्यांच्या मंत्रांनी ते तसं केलं आहे.

जपानच्या स्क्वेअर कंपनीचा ‘फायनल फँटसी सेव्हन’ हा १९९७ चा व्हिडिओ गेम याहून पुढे गेला. त्यात ग्रहाच्या पोटात जीवनप्रवाह वाहतो. मेलेल्यांचा जीव त्यात मिसळतो आणि नवा जीव त्यातूनच येतो. शिनरा नावाची कंपनी तो प्रवाह अणुभट्टीसारख्या संयंत्रांतून उपसते, त्याची वीज करते आणि शहराला विकते. मिडगार शहरात दिवे कधी विझत नाहीत, पण तिथल्या मातीत काही उगवत नाही. एका पडक्या चर्चच्या फुटलेल्या फरशीत तेवढी फुलं येतात. खेळाची सुरुवात संयंत्र उडवून देणाऱ्या टोळीपासून होते. त्या टोळीचा म्होरक्या बॅरेट हा कोरेल या कोळसा खाणींच्या गावचा. संयंत्र गावात यावं म्हणून एकेकाळी त्यानेच लोकांना राजी केलेलं असतं. पुढे अपघात होतो, कंपनी ठपका गावावर ठेवते आणि गाव जाळते. खाणीवर जगणाऱ्या वस्तीला स्वस्त विजेचं आमिष, एकाच मित्राचा विरोध आणि नंतर होकार देणाऱ्याची आयुष्यभराची टोचणी. जादूच्या ऊर्जेविषयी लिहिलेल्या किती तरी जाडजूड कादंबऱ्यांमध्ये इतकं खरं प्रकरण सापडत नाही.

टेरी प्रॅचेट आणि जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्याकडे इथे थोडक्यात बघून पुढे जातो. प्रॅचेट यांच्या डिस्कवर्ल्डमध्ये, म्हणजे १९८३ च्या ‘द कलर ऑफ मॅजिक’पासून पुढे, जादूचं क्षेत्र इतकं दाट आहे की त्यातून जाताना प्रकाश मंदावतो आणि सकाळ जमिनीवरून संथ ओघळत येते. प्रतिमा अविस्मरणीय आहे. पण प्रॅचेट यांचं खरं लक्ष माणसांच्या स्वभावावर आहे, हवामानावर नाही. मार्टिन यांच्या वेस्टेरॉसमध्ये उन्हाळा आणि हिवाळा वर्षानुवर्षं चालतात, किती चालतील हे कुणालाच ठाऊक नसतं, आणि ऋतू पालटल्याची वर्दी पांढरे कावळे पाठवून दिली जाते. १९९६ पासून चाललेल्या या मालिकेत ऋतू आणि जादू यांचं नातं अजून उलगडलेलं नाही, म्हणून त्यावर निवाडा करणं घाईचं ठरेल.

फिलिप पुलमन यांच्यापाशी मात्र थांबायलाच हवं. १९९५ च्या ‘नॉर्दर्न लाइट्स’मध्ये उत्तर ध्रुवाकडून आलेला एक संशोधक ऑक्सफर्डच्या विद्वानांना एक छायाचित्र दाखवतो. खास रसायन वापरून काढलेल्या त्या चित्रात उभ्या माणसावर आकाशातून प्रकाशाचे कण झरत आहेत. शेजारच्या लहान मुलावर मात्र ते नाहीत. हे कण म्हणजे ‘डस्ट’, धूळ. ती मोठ्यांकडे ओढली जाते, मुलांकडे नाही. धर्मसत्ता तिला पाप समजते आणि ती मुलांवर कधीच बसू नये म्हणून अघोरी प्रयोग करते. तिसऱ्या खंडात, २००० च्या ‘द अँबर स्पायग्लास’मध्ये, धूळ म्हणजे सजीवांची जाणीव, विचार करणाऱ्या जिवांबरोबर वाढणारी, हे हळूहळू समजतं.

त्या खंडातलं मुलेफा नावाच्या जिवांचं प्रकरण माझ्या मते या सगळ्या परंपरेचं शिखर आहे. मुलेफांना पाठीचा कणा नाही, शरीराचा सांगाडा चौकटीच्या आकाराचा आहे, आणि ते चाकांवर धावतात. चाकं म्हणजे एका प्रचंड वृक्षाच्या गोल, टणक शेंगा. जुन्या लाव्हाचे सपाट प्रवाह हे त्यांचे रस्ते. धावता धावता शेंग झिजते, फुटते, आणि तेव्हाच आतलं बी रुजू शकतं. शेंगेतल्या तेलामुळे मुलेफांना धूळ उघड्या डोळ्यांनी दिसते आणि त्यांना शहाणपण येतं. झाडावाचून जीव नाही आणि जिवावाचून झाड नाही. पण तीनेकशे वर्षांपासून झाडं मरत आहेत आणि कारण कुणाला कळत नाही. आपल्या जगातून तिथे गेलेली मेरी मॅलोन ही भौतिकशास्त्रज्ञ झाडाच्या रसापासून लाखेचे दोन पारदर्शक तुकडे करते, त्यांना ते तेल लावते आणि त्यांतून बघते. मग ती शेंड्यापर्यंत चढते. फुलं आभाळाकडे तोंड करून आहेत, वरून पडणारी धूळ झेलण्यासाठी. धूळ मात्र आता वरून पडत नाही. ती आडवी वाहत समुद्राकडे निघून चालली आहे. दुसऱ्या एका जगात तीनशे वर्षांपूर्वी एक सुरी घडवली गेली, तिने जगाजगांमध्ये खिडक्या कापल्या गेल्या, आणि उघड्या राहिलेल्या खिडक्यांतून धूळ बाहेर गळते आहे.

इथे जादू, वनस्पतिशास्त्र, उपकरण आणि अपराध एकाच घटनेत गुंफले आहेत. खिडकी कापणाऱ्याला मुलेफा ठाऊक नाहीत, मुलेफांना खिडकी ठाऊक नाही. आपण न पाहिलेल्या ठिकाणी आपली किंमत कुणी तरी मोजत असतं, हे पुलमन सांगत बसत नाहीत. परागीभवन न झालेलं फूल दाखवतात.

आता पुन्हा रोशरकडे. सँडरसन यांचं मोठेपण महावादळाच्या भयानकतेत आहे असं वरवर वाटतं. मला ते गल्ल्यावर आणि छपरांवर दिसतं. तिथलं चलन म्हणजे काचेची गोळी, आत रत्नाचा छोटा कण. वादळात ती बाहेर ठेवली की प्रकाशाने भरते, पुढचे काही दिवस उजळते आणि हळूहळू विझते. खोटं रत्न प्रकाश धरत नाही, त्यामुळे उजळ गोळी म्हणजे खरा पैसा, आणि विझलेली गोळी पुढे करणाऱ्याकडे दुकानदार दोनदा बघतो. श्रीमंताची खोली याच गोळ्यांनी उजळते, गरीब मेणबत्ती लावतो. पाचूला सर्वांत जास्त भाव, कारण त्याच्या जोरावर जादूने धान्य तयार होतं आणि सैन्य पोसलं जातं. वादळाच्या पाण्यात क्रेम नावाचा गाळ असतो. तो वाळला की दगड होतो, आणि वेळच्या वेळी खरवडला नाही तर पागोळ्यांच्या जागी दगडी सुळके लोंबू लागतात. घरांची पाठ पूर्वेला, दारं-खिडक्या पश्चिमेला. वर्षअखेरीला काही आठवडे नुसती संततधार लागते, महावादळ जवळजवळ येतच नाही. मग एकेक गोळी विझत जाते आणि उरलेला प्रकाश जपून वापरावा लागतो. पावसाळ्याआधी वाऱ्याच्या अंगाला नारळाची झापं बांधणाऱ्या आणि आगोटीची बेगमी भरून ठेवणाऱ्या कोकणातल्या घराला हे सगळं ओळखीचं वाटेल.

एक छोटा प्रसंग बघा. अगदी पश्चिमेला, डोंगरांच्या आडोशाला, शिन लोकांचा मुलूख आहे. तिथे वादळाचा जोर पोचत नाही. तिथे माती आहे, घोडे आहेत, आणि आपल्याकडे असतं तसं गवत आहे. एका व्यापाऱ्याकडे शिकाऊ म्हणून आलेली रिस्न ही मुलगी ते पहिल्यांदा पाहते, पाय आपटते, आणि गवत हलत नाही म्हणून गोंधळते. आपलं साधं गवत तिला विकृत वाटतं. त्या एका पाय आपटण्याने वाचक रोशरचा रहिवासी होतो.

दुसरा प्रसंग कालादिन या गुलामाचा. शिक्षा म्हणून त्याला वादळात उघड्यावर उलटं टांगतात. जाताना एक सोबती त्याच्या मुठीत उजळलेली गोळी ठेवतो. वादळ सरतं, तो जिवंत सापडतो, मूठ उघडते आणि गोळी विझलेली निघते. वादळात राहिलेली गोळी भरायला हवी होती. वाचकाला नियम आधीच ठाऊक असल्यामुळे त्या विझलेल्या काचेतून त्याला जे कळायचं ते कळतं, कुणी एक शब्दही न बोलता. जादूने अडचण सोडवायची तर वाचकाला त्या जादूची समज आधी असली पाहिजे, हा सँडरसन यांनी २००७ मध्ये मांडलेला नियम इथे सर्वांत चांगला सिद्ध होतो. २०१४ च्या दुसऱ्या खंडाच्या शेवटी उलट दिशेने, पश्चिमेकडून, नवं वादळ येतं. शतकानुशतकं पूर्वेला पाठ करून बांधलेल्या साऱ्या घरांची दारं त्याच्या तोंडी सापडतात. पुढच्या खंडांत मात्र, विशेषतः २०२० च्या ‘रिदम ऑफ वॉर’मध्ये, प्रकाशाचे प्रकार, त्यांचे सूर आणि त्यांच्या विरोधी जोड्या यांची प्रयोगशाळा इतकी पसरते की वादळ मागे पडतं. शोध घेणाऱ्या नवानी राणीचा आनंद खरा आहे. पण क्रेम खरवडणारी बाई मला तिथे फार दिवस भेटत नाही.

नियमांचा हा आग्रह सगळ्यांना मान्य नाही. एन. के. जेमिसिन यांनी तर जादूला तर्क असायलाच हवा का, असा प्रश्न एका लेखात जाहीरपणे विचारला होता. आणि तरी त्यांच्याच ‘ब्रोकन अर्थ’ या त्रयीइतकी भूगर्भशास्त्रात रुतलेली फँटसी दुसरी नाही. २०१५, २०१६ आणि २०१७ मध्ये आलेल्या या तिन्ही कादंबऱ्यांना ओळीने तीन वर्षं ह्यूगो पुरस्कार मिळाला. असं कुणाच्याही बाबतीत त्याआधी घडलेलं नव्हतं. तिथल्या खंडावर भूकंप आणि ज्वालामुखी यांचं थैमान सतत चालू असतं. मधूनच आभाळ राखेने झाकून टाकणारा लांबलचक हिवाळा येतो, त्याला पाचवा ऋतू म्हणतात. कोठारं किती भरायची, कुणाला गावात ठेवायचं आणि कुणाला बाहेर काढायचं याचे नियम पूर्वजांनी दगडावर कोरून ठेवले आहेत, आणि घराघरांत पळायची वेळ आली तर उचलायचं बोचकं तयार असतं.

ऑरोजीन म्हणजे जमिनीची हालचाल जाणणारी आणि ती शमवू किंवा भडकवू शकणारी माणसं. बळ लागलं की ते आसपासची उष्णता ओढतात. जिथून ती घेतली तिथे गोल कडं गोठतं, आणि त्यात सापडलेला किडा, कोंबडी, शेजारी, सगळं बर्फ होतं. लोक त्यांना घाबरतात, मारतात; राज्य त्यांना लहानपणीच उचलून प्रशिक्षणाच्या नावाखाली जोखडात घालतं. महामार्गाच्या कडेच्या चौक्यांमुळे भूकंप होत नाहीत, एवढंच सामान्यांना माहीत असतं. पहिल्या खंडात नायिका अशा एका चौकीत शिरते. तिथे तारांच्या खुर्चीत औषधाने गुंगवून बांधलेलं एक मूल आहे. त्याला विचार करता येत नाही, झोपेत धक्का जाणवला की शमवण्याची उपजत क्रिया तेवढी चालू ठेवलेली आहे. खंडभर रस्ते शाबूत आहेत ते अशा मुलांमुळे. वाचताना पुस्तक मिटून ठेवावंसं वाटतं, आणि ठेवू नये. इतर लेखक जादूची किंमत मातीने, झाडांनी, म्हाताऱ्या जादूगारांनी चुकवलेली दाखवतात. जेमिसिन विचारतात की ती चुकवण्यासाठी समाजाने कुणाला निवडलं आणि त्या निवडीला सुरक्षितता हे नाव कसं दिलं.

मराठी मुलखाचा या विषयाशी थेट संबंध येतो तो २०१८ च्या ‘तुंबाड’ या हिंदी चित्रपटात. राही अनिल बर्वे यांच्या या चित्रपटामागे नारायण धारप यांच्या कथेची प्रेरणा आहे. धारपांच्या कथांमध्ये दुष्ट शक्तीशी सामना करणारे समर्थ असतात, म्हणजे बळ पुन्हा व्यक्तीपाशी. ‘तुंबाड’ने मात्र जागेलाच शाप दिला. हस्तर या बहिष्कृत देवाला पुजल्याबद्दल गावावर देवांचा कोप झाला आहे आणि पाऊस थांबतच नाही. चित्रीकरण अनेक पावसाळे चाललं, आणि ते अंधुक, शेवाळलेलं ओलेपण पडद्यावर जाणवतं. हस्तरला सोनं मिळालं, धान्य मिळालं नाही. म्हणून चित्रपटाचा नायक विनायक कणकेची बाहुली घेऊन पृथ्वीच्या गर्भात उतरतो आणि त्याची भूक चाळवून मुद्रा लुटतो. कणीक आणि सोनं यांचा हा सौदा कुठल्याही परदेशी जगाच्या तोडीचा आहे. माझी तक्रार एकच, की पाऊस वाड्याभोवतीच राहतो. त्या न थांबणाऱ्या पावसात भाताचं काय झालं, चूल कशी पेटली, गावात उरलं कोण, हे चित्रपट विचारत नाही. कोकणातल्या लेखकाला ही उत्तरं शोधायला ग्रंथालयात जावं लागणार नाही.

या सगळ्या जगांत नासाडीचं चित्रण जितकं बारकाईने होतं तितकं दुरुस्तीचं होत नाही. निव्हन यांच्याकडे दुरुस्ती नाहीच. ‘फायनल फँटसी सेव्हन’च्या शेवटी पाचशे वर्षांनंतरचं मिडगार झाडोऱ्यात बुडालेलं दिसतं, मधली पाचशे वर्षं गाळलेली आहेत. पुलमन खिडक्या बंद करायला लावतात आणि त्यासाठी दोन मुलांना कायमचं वेगळं करतात. मुलेफांची झाडं पुढे किती जगली, हे सांगायला ते थांबत नाहीत. जेमिसिन यांच्या त्रयीत हरवलेला चंद्र परत येतो, राख मात्र आभाळात पुढची कित्येक वर्षं राहणार असते. या बाबतीतही ल ग्विन सर्वांच्या पुढे आहेत. ‘द फार्देस्ट शोअर’मध्ये गेडने आपली सारी शक्ती ओतून ते भोक बुजवलं होतं. अठरा वर्षांनी, १९९० मध्ये आलेल्या ‘तेहानू’त तो गाँटवर परततो तेव्हा त्याला साधा मंत्रही येत नाही. तो शेळ्या राखायला जातो. त्याला आसरा देणारी तेनार ही शेत सांभाळणारी विधवा आहे, तिच्याकडे आगीत होरपळलेली एक मुलगी आहे, आणि त्या घरात दूध काढणं, भांडी घासणं, दाराला कडी लावणं यावर पानंच्या पानं खर्च होतात. तोल राखायची विद्या बायकांना कधीच का शिकवली नाही, हा प्रश्न तिथे पहिल्यांदा उघडपणे येतो, आणि पहिल्या तीन पुस्तकांचा हिशेब कुठे अपुरा होता हे ल ग्विन स्वतःच दाखवून देतात. पश्चिमेकडून वादळ आल्यावर रोशरच्या घरांची दारं कुणी आणि कुणाच्या पैशाने फिरवली, चौक्यांमधल्या खुर्च्या रिकाम्या झाल्यावर रस्ते कुणी राखले, कोरेलच्या जळक्या गावात खाण पुन्हा सुरू झाली का, या गोष्टी अजून लिहायच्या आहेत.